खेळ का उघडत नाही?

संगणकावरील खेळ हा महाविद्यालयाच्या वार्षिकांकात लिहिण्याजोगा विषय आहे काय, अशी शंका काही वाचकांना येईल. माझ्या वर्गमित्रांना ती आलीच. "कविता दे, नाहीतर प्रवासवर्णन दे," असे ते म्हणाले. परंतु प्रवास मी फारसा केलेला नाही आणि कविता मला जमत नाही. उलट, गेल्या उन्हाळ्यात एका खेळापायी माझ्या हातून घरात एक नुकसान झाले. ते का झाले, याचा विचार करताना जे कळले ते इतरांच्याही उपयोगी पडेल असे वाटते. म्हणून हा लेख.

माझी धाकटी बहीण सहावीत आहे. आमच्या घरी एक जुना, वापरलेला घेतलेला संगणक आहे. त्यावर ती बागेचा एक खेळ खेळत असे. हा खेळ वेगळा बसवावा लागत नाही. ब्राउझरमध्ये पत्ता टाकला की उघडतो. दोन महिने रोज थोडे थोडे खेळून तिने मोठी बाग उभी केली होती. एके संध्याकाळी खेळ उघडेना. पांढरा पडदा, आणि मध्यभागी गरगर फिरणारे वर्तुळ. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच, त्यामुळे संगणकाचे काहीही अडले की 'दादाला विचार' हे ठरलेले. मला येत नाही असे म्हणण्याची सोयच नव्हती. मी पुढे सरसावलो. ब्राउझरमधला साठा पुसण्याची खिडकी उघडली, दिसतील तेवढ्या सगळ्या चौकटींवर खुणा केल्या आणि सारे पुसून टाकले. मग संगणक बंद करून चालू केला. मग ब्राउझरच काढून पुन्हा बसवला. खेळ उघडला नाही तो नाहीच.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो आपोआप उघडला. बिघाड खेळ चालवणाऱ्यांच्या बाजूला होता. तशी दिलगिरीची एक ओळही पानावर होती. परंतु उघडलेल्या बागेत एकही रोप नव्हते. बहिणीने एवढेच विचारले, "दादा, तू हात लावला नसतास तर बाग राहिली असती का?" उत्तर 'हो' असे होते. ते मी त्या दिवशी दिले नाही.

आता मूळ विषयाकडे वळतो. खेळ उघडतो म्हणजे नेमके काय होते, हे आधी पाहिले पाहिजे. आपण पत्ता टाकला की दूरच्या संगणकाकडून, म्हणजे सर्व्हरकडून, प्रथम एक लहानसे पान येते. हे पान म्हणजे खेळ नव्हे. ती वाणसामानाची यादी आहे असे समजावे. तिच्यात लिहिलेले असते की अमुक ठिकाणाहून जावास्क्रिप्ट आणा, तमुक ठिकाणाहून चित्रे आणा, आवाज आणा. ब्राउझर ही यादी घेऊन निघतो, आणि पुष्कळदा सगळा माल एकाच दुकानात मिळत नाही. यादी आली पण एखादा आवश्यक जिन्नस आला नाही, म्हणजे आपल्याला ते फिरणारे वर्तुळ दिसते. वर्तुळ हा बिघाड नव्हे. 'मी अजून वाट पाहत आहे' एवढेच ते सांगते.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. खेळातली आपली प्रगती कोठे राहते? काही खेळांत आपण नाव आणि परवलीचा शब्द देऊन खाते उघडतो. त्यांची प्रगती सर्व्हरवर राहते. परंतु अनेक लहान खेळ खाते मागत नाहीत. ते आपली प्रगती आपल्याच ब्राउझरच्या एका कप्प्यात लिहून ठेवतात. '२०४८' हा आकडे जुळवण्याचा खेळ पुष्कळांनी खेळला असेल. गाब्रिएले चिरूल्ली या इटालियन तरुणाने तो मार्च २०१४ मध्ये लिहिला, तेव्हा तो १९ वर्षांचा होता. (आपणही १९ वर्षांचेच आहोत, हा विचार मनात आल्यावाचून राहत नाही. असो.) त्या खेळातील आपला उच्चांक असाच ब्राउझरमध्ये राहतो. हा कप्पा त्या संगणकावरील त्या ब्राउझरपुरता आणि त्या संकेतस्थळापुरताच असतो. म्हणून तोच खेळ दुसऱ्या ब्राउझरमध्ये उघडला तर पहिल्यापासून सुरू होतो. तेवढ्याने घाबरू नये, मूळ ब्राउझरमध्ये प्रगती शाबूत असते. मात्र 'कुकीज आणि इतर साइट डेटा' या चौकटीवर खूण करून पुसले की तो कप्पाच रिकामा होतो आणि परत मिळत नाही. 'कॅश केलेल्या इमेज आणि फाइल' ही शेजारची चौकट तशी निरुपद्रवी आहे; त्यात फक्त पुन्हा आणता येणारा माल असतो. या दोन चौकटींतला फरक मला माहीत नव्हता. माझे नुकसान तेथेच झाले.

गंमत अशी, की बिघाड कसा शोधावा हे मला शिकवलेले होते. तर्कशास्त्राच्या तासाला जॉन स्टुअर्ट मिलच्या पद्धती आम्ही पाठ केल्या होत्या. १८४३ साली प्रसिद्ध झालेल्या तर्कशास्त्रावरील ग्रंथात मिलने त्या मांडल्या. परीक्षेत अन्वय पद्धतीवर मी दीड पान लिहिले होते. त्या पद्धतीचा संबंध घरच्या संगणकाशी असेल, हे मात्र डोक्यात आले नाही.

अन्वय पद्धती म्हणते की एकच घटना दोन निराळ्या प्रसंगी घडली आणि त्या प्रसंगांत एकच गोष्ट समान असली, तर कारण त्या समान गोष्टीत शोधावे. आता हे खेळाला लावून पाहू. घरचा संगणक घरच्या वायफायवर आहे आणि खेळ उघडत नाही. माझा मोबाईल त्याच्या स्वतःच्या डेटावर आहे आणि त्यावरही तोच खेळ उघडत नाही. यंत्र निराळे, वाट निराळी. समान आहे तो फक्त खेळ. म्हणजे दोष बहुधा पलीकडच्या टोकाला आहे. अशा वेळी करण्यासारखे काम एकच, ते म्हणजे वाट पाहणे. त्या संध्याकाळी हा प्रयोग करायला मला अर्धे मिनिट लागले असते. (काही खेळ मोबाईलवर मुळात चालतच नाहीत. तेव्हा दुसऱ्या गावच्या मित्राला फोन करून विचारावे.)

मोबाईलवर उघडला तर? येथे घाई होते. 'म्हणजे आपला संगणक बिघडला' असे आपण म्हणतो. पण मोबाईल घेताना आपण यंत्रही बदलले आणि वाटही बदलली. दोन गोष्टी एकदम बदलल्यावर कारण कोणते हे सांगता येत नाही. व्यतिरेक पद्धतीत एकच गोष्ट बदलायची आणि बाकी सर्व तसेच ठेवायचे. म्हणून तोच संगणक, तोच ब्राउझर ठेवून फक्त मोबाईलच्या हॉटस्पॉटला जोडावा. आता खेळ उघडला तर दोष वाटेत आहे, न उघडला तर तो संगणकात आहे.

वाटेतल्या दोषांविषयी थोडेच सांगतो. महाविद्यालये, कचेऱ्या यांच्या जाळ्यावर खेळांची स्थळे मुद्दाम अडवलेली असतात. कधी स्थळ उघडते, बुद्धिबळाचा पटही दिसतो, पण प्रतिस्पर्धी येत नाही. पट साध्या मार्गाने येतो. खेळ्यांची देवघेव मात्र सतत उघड्या राहणाऱ्या जोडणीवरून होते आणि काही जाळ्यांवर ती जोडणी तोडली जाते. यावर व्हीपीएनचा चोरमार्ग मित्र सुचवतात. माझ्या मते, ज्याचे जाळे त्याला विचारावे. अडवण्यामागे कारण असेल तर ते कळते आणि चुकून अडले असेल तर सर्वांचेच काम होते.

दोष संगणकात आहे असे ठरले की तोच खेळ खासगी खिडकीत, म्हणजे इन्कॉग्निटोमध्ये, उघडून पाहावा. या खिडकीत ब्राउझरला जोडलेली एक्स्टेन्शन सहसा बंद असतात आणि जुना साठा वापरला जात नाही. तेथे खेळ उघडला, तर दोष या दोहोंपैकी एकात आहे. आधी एक्स्टेन्शन एकेक करून बंद करावीत, कारण त्यात काहीच गमवावे लागत नाही. जाहिराती अडवणारे एक्स्टेन्शन हे नेहमीचे गुन्हेगार: यादीतला एखादा आवश्यक जिन्नसही ते जाहिरात समजून अडवते. त्याने भागले नाही तर कंट्रोल, शिफ्ट आणि आर या कळा एकत्र दाबून पान नव्याने मागवावे, म्हणजे साठवलेल्या जुन्या फायली बाजूला ठेवल्या जातात. मग ती निरुपद्रवी चौकट पुसावी. दुसऱ्या चौकटीला हात लावण्याची वेळ आलीच, तर आधी खेळात प्रगती बाहेर काढून ठेवण्याची सोय आहे का ते पाहावे. 'कुकी क्लिकर' या २०१३ पासूनच्या खेळात तशी सोय आहे. तो सारी प्रगती अक्षरांच्या एका लांब ओळीत देतो. ती वहीत नव्हे पण फाइलमध्ये उतरवून ठेवता येते. आणि एक सूचना: खासगी खिडकीत खेळ उघडला म्हणून तेथेच खेळत बसू नये. अशा सर्व खिडक्या बंद केल्या की तेथली प्रगती नाहीशी होते.

आमच्याकडे विहिरीवरची मोटर सुरू होत नसली की वडील आधी फ्यूज पाहतात, मग स्टार्टर, मग केबल. मोटर वर काढणे अगदी शेवटी. मी फ्यूज न पाहताच मोटर वर काढली होती.

ज्यांना आणखी खोलात जायचे आहे त्यांनी एफ-१२ ही कळ दाबून 'नेटवर्क' हा भाग उघडावा आणि पान पुन्हा मागवावे. यादीतला प्रत्येक जिन्नस तेथे ओळीने दिसतो. न आलेले लाल दिसतात. त्यांच्यापुढील आकडा वाचावा. ४०४ म्हणजे वस्तू त्या जागी नाही, ४०३ म्हणजे देण्यास नकार, ५०३ म्हणजे सर्व्हर सध्या सेवा देऊ शकत नाही. कधी आकड्याऐवजी 'ब्लॉक्ड बाय क्लायंट' असे शब्द असतात. इंग्रजीत क्लायंट म्हणजे अशील किंवा गिऱ्हाईक असे आपण शिकतो, त्यामुळे मी बराच वेळ गोंधळलो. येथे क्लायंट म्हणजे आपलाच ब्राउझर. 'तुमच्याच घरच्या माणसाने अडवले' असा त्याचा अर्थ, आणि तो माणूस म्हणजे बहुधा वर सांगितलेले एक्स्टेन्शन.

काही दोष यंत्राचेच असतात. आजचे त्रिमितीय खेळ वेबजीएल नावाच्या सोयीने चित्रे रंगवतात. ती संगणकाच्या ग्राफिक्स भागाला कामाला लावते. ब्राउझरच्या सेटिंग्जमध्ये ग्राफिक्स ॲक्सिलरेशन बंद असेल तर असा खेळ अडतो किंवा रखडत चालतो. ब्राउझर फार जुना असणे हेही एक कारण आहे. विंडोज ७ वर चालणारी क्रोमची शेवटची आवृत्ती १०९ वी. २०२३ च्या फेब्रुवारीत आलेल्या ११० व्या आवृत्तीपासून ते दार बंद झाले. पट्टी भरत भरत शेवटी पोचते आणि पान कोसळते, तेव्हा मेमरी अपुरी असण्याचा संभव अधिक. बाकीची पाने बंद करून पाहावे. आणि सर्वच सुरक्षित स्थळे 'तुमचे कनेक्शन खाजगी नाही' म्हणू लागली, तर संगणकाचे घड्याळ पाहावे. प्रत्येक स्थळाच्या प्रमाणपत्राला मुदत असते. तारीख मागे पडली की ब्राउझरला ते प्रमाणपत्र अजून लागूच झालेले नाही असे वाटते. जुन्या संगणकात घड्याळ चालवणारा बटणाएवढा सेल संपतो आणि वीज गेली की तारीख मागे जाते. सीआर २०३२ या नावाने तो घड्याळाच्या दुकानात मिळतो. हे वाचून हसू येईल. पण एका संपलेल्या सेलमुळे खेळ बंद पडू शकतो.

आता राहिले ते खेळ, जे काही केले तरी उघडणार नाहीत. आपल्यापैकी अनेकांनी शाळेत असताना खेळलेले खेळ फ्लॅशवर चालत. ॲडोबी कंपनीने जुलै २०१७ मध्ये फ्लॅश बंद करण्याचे जाहीर केले, ३१ डिसेंबर २०२० रोजी त्याचा आधार काढून घेतला आणि १२ जानेवारी २०२१ पासून फ्लॅश प्लेअरने मजकूर दाखवणेच थांबवले. त्यामुळे 'फ्लॅश प्लेअर बसवा' असे आज कोणी सांगत असेल, तर ती फसवणूक समजावी. तथापि सर्वच खेळ गेले असे नाही. 'रफल' नावाचा मुक्त कार्यक्रम फ्लॅशची नक्कल करतो, आणि इंटरनेट आर्काइव्हने नोव्हेंबर २०२० मध्ये त्याच्या साहाय्याने जुने खेळ पुन्हा खेळता येतील असे ठेवले. पण फेसबुकवरील 'फार्मव्हिल' हा २००९ चा शेतीचा खेळ असा परत येत नाही. तो ३१ डिसेंबर २०२० ला बंद झाला. त्याचा अर्धा भाग ब्राउझरमध्ये आणि अर्धा कंपनीच्या सर्व्हरवर होता. ब्राउझरमधल्या भागाची नक्कल करता येते. बंद केलेल्या सर्व्हरची येत नाही. म्हणजे प्रगती सर्व्हरवर ठेवली की ती कायमची सुरक्षित झाली, असेही म्हणता येत नाही.

बहिणीला हे सारे मी दिवाळीच्या सुटीत समजावून सांगितले, आणि तिच्या प्रश्नाचे उत्तरही दिले. ते तिला आधीच माहीत होते. बागेचा खेळ तिने पुन्हा सुरू केला नाही. सध्या ती खाते उघडून बुद्धिबळ खेळते, आणि परवलीचा शब्द मला सांगत नाही.