नातवंडांच्या खेळातली लोकल आणि आपली भरलेली ट्रॉली



आपल्यापैकी अनेकांची मुले नोकरीपायी नवी मुंबईकडे, दिघा-ऐरोली पट्ट्यात राहतात. सुट्टीत नातवंडे गावी आली की संगणकावर 'स्क्रॅच'चे खेळ मांडून बसतात. हा फुकट मिळणारा कार्यक्रम अमेरिकेतील एमआयटी या संस्थेने २००७ साली सर्वांना खुला केला. यात लिहायचे काही नाही, रंगीत ठोकळे एकाखाली एक जोडायचे. यात वेळ वाया जातो असे म्हणू नका. त्यात आपल्या कामाचा एक धडा आहे.

उदाहरण घेऊ. ठाणे व ऐरोली यांच्यामधले दिघा गाव स्थानक १२ जानेवारी २०२४ रोजी सुरू झाले. तिथे लोकल थांबवायचा खेळ करायचा आहे. नवशिके पोर 'दहा पावले सरक' हा ठोकळा लावते आणि फलाट आला की गाडी एकदम थांबवते. ते खोटे वाटते, कारण खरी गाडी अशी खिळल्यासारखी थांबत नाही.

उपाय सोपा आहे. 'वेग' नावाचा एक आकडा ठेवावा, सुरुवातीला १२. मग दोन ठोकळे पुन:पुन्हा चालवावेत: गाडी 'वेग' इतकी पुढे, नंतर वेगातून १ वजा. वेग शून्य झाला की थांबा. म्हणजे गाडी १२, ११, १० अशी सरकत, एकूण ७८ पावले जाऊन थांबते. फलाटाच्या ७८ पावले आधीच ब्रेक लावला पाहिजे, हे पोराला आपोआप कळते. चेंडू वर उडवायचा असला तरी हाच हिशोब. फक्त शून्यावर न थांबता वजाबाकी चालू ठेवायची, की चेंडू खाली येऊ लागतो.

आता वेग निम्मा, म्हणजे ६ धरा. बेरीज होते फक्त २१. वेग दुप्पट झाला तर थांबायचे अंतर दुप्पट नव्हे, जवळजवळ चौपट होते! आणि वजन दुप्पट, पण ब्रेकचा जोर तेवढाच असेल, तर प्रत्येक वेळी १ ऐवजी अर्धाच वजा होईल. मग १२ वेगाची गाडी १५० पावले जाते.

मंडळी, इथेच आपला संबंध येतो. फडातून कारखान्याकडे निघालेल्या उसाने भरलेल्या दोन ट्रॉल्यांना हाच नियम लागू आहे. रिकामी ट्रॉली जिथे थांबते तिथे भरलेली थांबत नाही. उतारावर तर आणखी पुढे जाते. म्हणून हंगामात वेग आवरा, जादा भर टाळा, ब्रेक तपासून घ्या, मागे लाल रिफ्लेक्टर लावा.

घरी नातवंड असेल तर त्याच्याकडून हा खेळ करून घ्या आणि ट्रॅक्टर चालवणाऱ्या मुलाला शेजारी बसवा. आकडे त्याच्या डोळ्यांसमोर येतील. सांगून जे पटत नाही ते पाहून पटते.

— ऊस विकास अधिकारी