शम्मी कपूरची आई

बोम्मसंद्रा, बंगळूर

चि. मनूस अनेक आशीर्वाद.

तुझा फोन आला तेव्हा मी मेट्रोत होते. (यलो लाइन आमच्या बोम्मसंद्र्यातूनच सुटते, त्यामुळे बसायला जागा मिळते, पण आवाज तुटतो.) म्हणून हे पत्र. सव्विसाव्या वर्षी मालिकेत कॉलेजकुमाराची आई व्हायचं, म्हणून तू रडलीस. वहिनी म्हणते, डोळे मिटून हो म्हण. मी तसं म्हणणार नाही. पण नकार कळवण्याआधी जुन्या सिनेमांतल्या सुलोचनाबाईंकडे बघ.

त्या खडकलाटच्या, म्हणजे आपल्या निपाणीच्या शेजारच्याच. जन्म १९२८ चा. कोल्हापुरात मास्टर विनायकांच्या प्रफुल्ल पिक्चर्समध्ये सुरुवात झाली, भालजी पेंढारकरांनी घडवलं. १९५९ साली ‘दिल देके देखो’मध्ये त्या शम्मी कपूरच्या आई झाल्या. शम्मी १९३१ चा! आई मुलापेक्षा तीन वर्षांनी मोठी. तो पुढे वर्षानुवर्षं नायकच राहिला आणि यांच्या वाट्याला हिंदीत आयाच आल्या. हा अन्यायच होता, त्याला त्याग वगैरे म्हणणाऱ्यांचं मला पटत नाही.

पण त्याच वर्षीचा ‘सुजाता’ बघ. त्यातली चारू घरात वाढवलेल्या मुलीला ‘मुलगी’ म्हणू शकत नाही, ‘मुलीसारखी’वर अडते. माया आहे, पण जात सुटत नाही. ती ओढाताण सुलोचनाबाईंच्या चेहऱ्यावर नसती, तर तो सिनेमा उभाच राहिला नसता. तेव्हा तू वय विचारू नकोस. या आईला स्वतःचा काही पेच आहे का, की नुसता डबा भरून द्यायचाय, ते लेखकाला विचार. डबाच असेल तर खुशाल सोड.

आणि पैशाचं बोलायला लाजू नकोस. आमच्या पर्चेस खात्यात बिल थकलं की पुरवठादार दारात येऊन बसतो, तुम्ही कलाकार मात्र ‘संबंध बिघडतील’ म्हणून गप्प. अभिनेत्री दुर्गाबाई खोटे यांच्या पदरी दोन मुलगे. सिनेमात आल्या त्या पोटासाठी, आणि हे त्यांनी कधी लपवलं नाही. पुढे स्वतःची निर्मितिसंस्था काढली. ‘वागले की दुनिया’ त्याच संस्थेची. सेटवर रिकामी असशील तेव्हा प्रॉडक्शनवाल्यांजवळ बस, हिशेब कसा चालतो ते बघ.

कराराचा मसुदा शनिवारपर्यंत पाठव. दिवसाचा दर, शिफ्टचे तास आणि पैसे किती दिवसांनी मिळणार, ही कलमं मी आधी वाचीन.

तुझी,
आत्या