मोर्शी ते वरूड, लांबच्या वाटेनं

मोर्शीच्या बागायतदारानं आंबिया बहाराच्या संत्र्यांचा फोटो वरूडच्या व्यापाऱ्याला व्हॉट्सअ‍ॅपवर टाकला, तर तो सरळ वरूडच्या रस्त्याला लागत नाही. आधी त्याचे बारीक तुकडे, म्हणजे पॅकेट होतात. टॉवरवरची यंत्रणा प्रत्येक पॅकेट आणखी एका पाकिटात घालते, त्यावर ग्राहकाच्या जोडणीचा क्रमांक टाकते आणि फायबरवरून मोठ्या शहरातल्या कोअर नेटवर्ककडे रवाना करते. या व्यवस्थेला जीटीपी टनेल म्हणतात. कोअरमध्ये वरचं पाकीट काढलं जातं, वापरलेल्या डेटाची नोंद होते आणि मूळ पॅकेट इंटरनेटवर सुटतं. व्हॉट्सअ‍ॅपच्या सर्व्हरला शिवून तो फोटो असाच वळसा घेत वरूडला पोचतो. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर धावतो, म्हणून हा द्राविडी प्राणायाम कुणाला जाणवत नाही.

तो अखंड चालू ठेवणाऱ्यांत इलेक्ट्रॉनिक्स अँड टेलिकम्युनिकेशन शाखेची माणसं मोठ्या संख्येनं असतात. प्रवेशफेऱ्यांच्या दिवसांत मात्र वऱ्हाडातल्या घरांत या शाखेचं नाव काळजीच्या सुरातच निघतं: ‘कम्प्युटर नाही भेटलं, ईएनटीसी भेटलं. आता पोराचं कसं होईन?’

काळजी अगदीच खोटी नाही. पंधराएक वर्षांपूर्वी देशात डझनभर मोबाइल कंपन्या होत्या. आता जिओ, एअरटेल, व्होडाफोन आयडिया आणि सरकारी कंपन्या, एवढाच खेळ उरला आहे. टॉवर आणि फायबरचं बरंचसं काम ठेकेदारांकडून होतं आणि तिथं सुरुवातीचा पगार बेताचाच असतो.

पण डेटा आटला नाही. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं, १ ऑक्टोबर २०२२ ला देशात ५जी सुरू झालं, भारतनेटचं फायबर ग्रामपंचायतींपर्यंत ओढलं गेलं. सप्टेंबर २०२५ मध्ये बीएसएनएलनं देशी बनावटीचं ४जी सुरू केलं, त्यातलं कोअर सी-डॉटचं आणि रेडिओ तेजस नेटवर्क्सचे. आजचं कोअर म्हणजे मुख्यतः सॉफ्टवेअर. त्यामुळे लिनक्स, नेटवर्किंग आणि थोडं पायथन येणाऱ्या ईएनटीसीच्या मुलाला कम्प्युटरवाल्यांच्या दारातही उभं राहता येतं. फक्त पदवीच्या भरवशावर बसणाऱ्याला दोन्ही दारं जड जातात.

हातानं काम करायची आवड असेल तर फायबरकडे बघावं. रस्त्याच्या कामात जेसीबीनं केबल तोडली की तंत्रज्ञ आधी ओटीडीआर लावतो. हे यंत्र प्रकाश सोडतं आणि परत येणाऱ्या प्रकाशावरून केबल किती मीटरवर तुटली ते सांगतं. मग खड्ड्याशेजारी बसून १२५ मायक्रॉन जाडीचा तंतू सोलायचा, स्पिरिटनं पुसायचा, क्लीव्हरनं काटकोनात कापायचा आणि स्प्लायसिंग मशीनमध्ये समोरासमोर ठेवायचा. विजेच्या ठिणगीनं दोन्ही टोकं वितळून एक होतात. पडद्यावर तोटा ०.१ डेसिबलच्या आत दिसला तर ठीक, नाहीतर पुन्हा कापा. धुळीचा एक कण सगळं बिघडवतो, त्यामुळे धसमुसळ्या माणसाचं इथं काम नाही.

दहावीनंतर आयटीआयचा इलेक्ट्रॉनिक्स मेकॅनिक ट्रेड किंवा पॉलिटेक्निकचा डिप्लोमा करता येतो; डिप्लोमानंतर इंजिनीअरिंगच्या थेट दुसऱ्या वर्षाची वाट खुली असते. बारावीनंतर सीईटी. अमरावतीचं १९६४ मध्ये सुरू झालेलं शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालय किंवा शेगावचं संत गजानन महाराज अभियांत्रिकी महाविद्यालय, या शाखेसाठी पुण्याला धावलंच पाहिजे असं नाही. सरकारी नोकरी हवी असेल, तर यूपीएससीच्या अभियांत्रिकी सेवा परीक्षेत हा विषय आहे.

कॉलेज बघायला जाल तेव्हा इमारतीपेक्षा प्रयोगशाळा बघा. ओटीडीआर आणि स्प्लायसिंग मशीन मुलांच्या हाती देतात की कपाटात कुलूपबंद ठेवतात, हे शिकणाऱ्या मुलांनाच विचारा. तोवर मुलानं घरच्या संगणकावर वायरशार्क हे मोफत सॉफ्टवेअर टाकून स्वतःची पॅकेट जाताना पाहावीत. महिनाभर त्यात जीव रमला तर शाखा त्याची आहे. ‘५जी कोर्स, नोकरीची हमी’ म्हणून मोठी रक्कम आगाऊ मागणाऱ्या क्लासला पैसे देण्याआधी हमी लेखी मागावी. आणि नोकरीचं पत्र आलं की पगाराच्या आकड्याआधी तीन गोष्टी वाचाव्यात: सही मूळ कंपनीची आहे की ठेकेदाराची, पीएफ कापला जाणार का, आणि टॉवरवर चढावं लागणार असेल तर सेफ्टी बेल्ट आणि विमा कोण देणार.