घड्याळाची टिकटिक

(चित्रपट आपण पाहतो, तसा ऐकतोही. आवाजांच्या मदतीने कथा कशी सांगता येते, हे या पाठात सांगितले आहे.)

दादासाहेब फाळके आपल्या नाशिक जिल्ह्यातले. त्यांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वर येथे झाला. १९१३ साली त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट आला. मूकपटातील माणसांचा आवाज ऐकू येत नसे. म्हणून वादक पडद्याजवळ बसून पेटी-तबला वाजवत.

१९३१ साली ‘आलमआरा’ आला. चित्रपट बोलू लागले आणि गाऊही लागले. १९३२ सालच्या ‘इंद्रसभा’त तर सुमारे सत्तर गाणी होती!

अशा काळात, १९३७ साली, पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने ‘कुंकू’ काढला. दिग्दर्शक होते व्ही. शांताराम आणि संगीतकार केशवराव भोळे. आदल्याच वर्षी केशवरावांनी ‘संत तुकाराम’ला भक्तिरसाने भरलेले संगीत दिले होते. पण ‘कुंकू’ची कथा वेगळी होती.

नीरा या तरुण मुलीचे लग्न फसवून एका म्हाताऱ्या वकिलाशी लावले जाते. नीरा नुसती रडत बसत नाही. ती या अन्यायाला ठाम विरोध करते.

अशा कथेत दुःखाच्या प्रसंगी सारंगी वाजवणे सोपे होते. पण येथे प्रसंगांमागे वाद्ये वाजतच नाहीत. घरात जे आवाज असतात, तेच ऐकू येतात. भिंतीवरचे जुने घड्याळ टिकटिक करते. वकीलसाहेबांचे वय सरत चालले आहे, हे ती टिकटिकच सांगते. नीरेला गावेसे वाटते, तेव्हा ती ग्रामोफोन लावते आणि तबकडीवरच्या वाद्यांच्या साथीने गाते. घरात तिला साथ देणारे कोणी नाही, हे आपल्याला न सांगताच कळते. नीरेची भूमिका शांता आपटे यांनी केली. त्या स्वतःच गायल्या.

हा चित्रपट हिंदीतही ‘दुनिया न माने’ या नावाने निघाला. त्याचे संवाद मुन्शी अझीझ यांनी लिहिले.

केव्हा वाजवावे, हे चांगल्या संगीतकाराला कळते. केव्हा थांबावे, हेही त्याला कळते.

शब्दार्थ
मूकपट – आवाज नसलेला चित्रपट
पेटी – हार्मोनियम
ठाम – पक्का
तबकडी – ग्रामोफोनची रेकॉर्ड

स्वाध्याय
१. मूकपटाच्या वेळी वादक काय करत?
२. घड्याळाची टिकटिक काय सांगते?
३. नीरेने अन्यायाला विरोध केला. तुम्हांला तिचे वागणे योग्य वाटते का? चार-पाच वाक्ये लिहा.
४. पाच मिनिटे डोळे मिटून घरातले आवाज ऐका व त्यांची यादी करा.