मूळ प्रतीला हात लावायचा नाही

अगं, जुन्या गेममध्ये मॉड टाकायला बसलीस की सर्वांत आधी गेमचा अख्खा फोल्डर उचल आणि दुसऱ्या ड्राइव्हवर कॉपी करून ठेव. त्याला नाव दे ‘मूळ’, आणि मग त्याला हात लावू नकोस. जे काही करायचं ते चालत्या फोल्डरमध्ये. बिघडलं तर तो पुसून मूळ प्रत परत आणायची, पाच मिनिटांत गेम पूर्ववत. हाफ-लाइफ आणि काउंटर-स्ट्राइक दोन्ही मिळून आजच्या हार्डडिस्कवर जागा ती किती घेणार! तिथे काटकसर करू नकोस.

ही सवय मला कारखान्याने लावली. तारापूर एमआयडीसीत इन्स्ट्रुमेंटच्या खात्यात होतो. चालू प्लँटमधल्या कंट्रोलरची एखादी सेटिंग बदलायची, तर आधीची किंमत वहीत लिहिल्याशिवाय पुढे सरकायचं नाही, असा नियम होता. संध्याकाळी बोईसरच्या सायबर कॅफेंमध्ये पीसी दुरुस्तीला जायचो, तेव्हाही ती वही बरोबर असायची. कोणत्या पीसीवर कोणता मॉड, कोणती फाइल बदलली, कोणत्या तारखेला. तूही वही ठेव. मोबाइलमध्ये लिहिलंस तरी चालेल, पण लिही.

त्या कॅफेंमध्ये इंटरनेटची एकच लाइन असायची आणि तीही धड चालायची नाही. मुलं खेळायची ती लॅनवर. समोर गडी कमी पडले की बॉट, म्हणजे संगणकानेच चालवलेले खेळाडू, लागायचे, आणि काउंटर-स्ट्राइक १.६ मध्ये बॉट मुळातून येत नाहीत, ते बाहेरून टाकावे लागतात. तेव्हा मॉड ही आमच्याकडे चैन नव्हती. दुपारी एकटा मुलगा यायचा, तासाचे पैसे भरायचा, त्याला खेळायला कोणीतरी हवं ना!

आता एक गोष्ट नीट समजून घे, म्हणजे अर्ध्या अडचणी येणारच नाहीत. काउंटर-स्ट्राइक हा स्वतःच एक मॉड आहे. हाफ-लाइफ १९९८ साली आला. पुढच्याच वर्षी मिन्ह ली आणि जेस क्लिफ या दोघांनी त्यावर काउंटर-स्ट्राइक रचला, आणि २००० साली वॉल्व्ह कंपनीने तो आपला म्हणून बाजारात आणला. म्हणूनच तुझ्या डिस्कवर ‘वॉल्व्ह’ नावाचा फोल्डर दिसतो आणि त्याच्या शेजारी ‘सीस्ट्राइक’. गेमचं इंजिन एखादी फाइल आधी मॉडच्या फोल्डरमध्ये शोधतं. तिथे नसेल तर ‘वॉल्व्ह’मध्ये जातं. त्यामुळे हाफ-लाइफचा नवा मॉड ‘वॉल्व्ह’च्या शेजारी ठेवायचा, त्याच्या आत नाही. क्वेकमध्ये हेच ‘आयडी१’ फोल्डरच्या शेजारी. जुन्या शूटर गेमांची ही रीत कळली की मॉडच्या झिपमध्ये काय आहे ते बघूनच तुला कळेल, हे कुठे जाणार.

आणि नेमकी इथेच सगळ्यांत जास्त गडबड होते. झिप उघडली, सगळं ‘सीस्ट्राइक’मध्ये पेस्ट केलं, गेम चालू केला, काहीच बदल नाही. का? झिपच्या आतच ‘सीस्ट्राइक’ नावाचा फोल्डर होता, म्हणजे आता ‘सीस्ट्राइक’च्या पोटात दुसरा ‘सीस्ट्राइक’ बसला आणि इंजिन तिकडे बघतच नाही. माझ्याकडे ‘मॉड चालत नाही’ म्हणून आलेल्या पीसींमध्ये हाच घोळ सर्वांत जास्त असे. म्हणून झिप आधी डेस्कटॉपवर वेगळी उघड, आत बघ, मग हलव. मात्र क्वेक ३ आणि डूमच्या ‘पीके३’ फाइली उघडायच्या नाहीत. त्याही आतून झिपच असतात, पण इंजिन त्या तशाच वाचतं. क्वेक ३ या फाइली नावाच्या अक्षरक्रमाने वाचतो आणि नंतरची फाइल आधीच्या फाइलवर मात करते. म्हणून काही मॉडकर्ते फाइलच्या नावाआधी ‘झेड’ची रांग लावतात. दोन मॉड एकमेकांवर चढले तर आधी नावं बघ.

गेम ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये बसवू नकोस. सी ड्राइव्हवर ‘गेम्स’ नावाचा साधा फोल्डर कर. विंडोज व्हिस्टापासून ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये लिहायला प्रोग्रॅमांना सहजी परवानगी मिळत नाही. जुना गेम तिथे लिहायला गेला की विंडोज गुपचूप ती फाइल ‘व्हर्च्युअलस्टोअर’ नावाच्या दुसऱ्याच जागी ठेवतं. मग तू एक फाइल बदलतेस, गेम दुसरीच वाचतो, आणि तू दिवसभर डोकं धरून बसतेस. त्याच वेळी विंडोजमधला फाइलचं एक्स्टेन्शन लपवण्याचा पर्याय बंद कर. नाहीतर ‘प्लगइन्स.आयएनआय’ म्हणून जतन केलेली फाइल प्रत्यक्षात ‘प्लगइन्स.आयएनआय.टीएक्सटी’ होते आणि तुला दिसतही नाही.

आता बॉट. १.६ साठी आम्ही पॉडबॉट वापरायचो. तो मेटामॉडवर चालतो, आणि मेटामॉड बसवायचा म्हणजे ‘लिबलिस्ट.गॅम’ नावाच्या फाइलमध्ये एकच ओळ बदलायची: जिथे गेमची डीएलएल नोंदवलेली असते तिथे मेटामॉडची डीएलएल लिहायची. तीच ओळ; लिनक्ससाठीची वेगळी ओळ खाली असते, तिला हात लावू नको. मग मेटामॉडच्या स्वतःच्या ‘प्लगइन्स.आयएनआय’मध्ये पॉडबॉटची ओळ. गेम चालू झाला की कन्सोल उघड आणि ‘मेटा लिस्ट’ टाइप कर. यादीत पॉडबॉटपुढे ‘रन’ दिसलं तर बसला. ‘बॅडएफ’ दिसलं तर मेटामॉडला फाइल सापडली नाही किंवा उघडता आली नाही. ओळीतला पत्ता अक्षर न् अक्षर तपास. कन्सोल उघडत नसेल तर गेमच्या लाँच पर्यायांत कन्सोलची सूचना घालावी लागते.

पॉडबॉट यादीत दिसतो पण गेममध्ये एकही बॉट उतरत नाही, अशी तक्रार आली की ओळखायचं: त्या मॅपची वाटेची फाइल नाही. पॉडबॉटला प्रत्येक मॅपसाठी वेगळी फाइल लागते, ‘पीडब्ल्यूएफ’ एक्स्टेन्शनची. त्यात कुठून कुठे जायचं, कुठे दबा धरायचा, शिडी कुठे आहे, हे बिंदू कोणीतरी हाताने टाकलेले असतात. डस्ट२ साठी ती सहज मिळते. डेव्ह जॉन्स्टनने २००१ साली केलेल्या त्या मॅपवर जगभर लोक खेळले. अनोळखी मॅप घेतलास तर त्याची वाटेची फाइलही बरोबर शोध. कंडिशन झीरोबरोबर २००४ साली आलेले झीबॉट या बाबतीत वेगळे. वाटेची ‘नॅव्ह’ फाइल नसेल तर ते मॅप स्वतः तपासतात आणि ती फाइल तयार करतात. पहिल्यांदा त्याला काही मिनिटं लागतात, स्क्रीन अडकल्यासारखा वाटतो. त्या वेळी पीसी बंद करू नकोस.

झॉम्बी प्लेगसारखा मोठा मॉड एएमएक्स मॉड एक्सवर चालतो, आणि तो टाकला की एक नवं दुखणं येतं. हाफ-लाइफच्या इंजिनात एका वेळी ५१२ मॉडेलंच नोंदवता येतात. मॅपची, शस्त्रांची, झॉम्बींची मिळून मर्यादा ओलांडली की गेम मॅप उघडतानाच बंद पडतो. साध्या मॅपवर चालतो आणि मोठ्या मॅपवर नाही, असं झालं की हेच कारण आधी धर. आणि ‘प्रीकॅश’चा एरर एखाद्या फाइलचं नाव घेऊन आला, तर ती फाइल खरंच नाही. नाव वाच, त्याच पत्त्यावर आहे का बघ. एरर हा शत्रू नाही गं, तो तुला नाव-पत्ता सांगतोय. मुलं तो न वाचताच बंद करायची, त्याचं मला फार वाईट वाटायचं.

दोष सापडत नसेल तेव्हा एका वेळी एकच गोष्ट बदल. वीस प्लगइन असतील तर दहा बंद कर: ‘प्लगइन्स.आयएनआय’मध्ये ओळीच्या आधी अर्धविराम टाकला की ते प्लगइन बंद. चालला तर दोषी बंद केलेल्या दहांत, नाही चालला तर उरलेल्यांत. मग पाच. अशाने चार-पाच फेऱ्यांत सापडतं. एका वेळी दोन बदल केलेस आणि गेम चालू झाला, तर कशाने चालला ते तुला कधीच कळणार नाही. प्लँटमध्ये आम्ही याला दुरुस्ती म्हणत नसू.

डूमचं काम त्यामानाने सुखाचं. १९९३ चा गेम, पण आयडी सॉफ्टवेअरने १९९७ साली त्याचा सोर्स कोड खुला केला आणि तेव्हापासून लोक त्यावर नवी इंजिनं बांधत आले. जीझेडडूम घे, मूळ गेमची ‘वॅड’ फाइल त्याच्या फोल्डरमध्ये ठेव, आणि मॉडची फाइल ओढून प्रोग्रॅमवर सोड. मूळ गेम नसेल तर फ्रीडूम मोफत मिळतो, त्यावरही बरेच मॉड चालतात. अडचण येते ती इथे: मॉड चढला, तक्रार काही नाही, पण खेळायला जुनीच लेव्हल. डूमच्या लेव्हलची नावं भाग आणि क्रमांक अशी असतात, डूम २ ची नुसती मॅप ०१, मॅप ०२. डूम २ साठी रचलेली लेव्हल पहिल्या डूमवर टाकलीस तर ती कोणाच्याच जागी बसत नाही. मॉडच्या रीडमीमध्ये कोणता गेम हवा ते लिहिलेलं असतं. रीडमी वाच. आणि मॉड बदलून जुना सेव्ह उघडायला जाऊ नकोस. प्रत्येक मॉडचे सेव्ह वेगळे ठेव. ब्रूटल डूमसारख्या मॉडला इंजिनची ठरावीक आवृत्ती मानवते, म्हणून चालणारं इंजिन मॉडबरोबरच त्याच फोल्डरमध्ये जपून ठेव, नवं आलं म्हणून जुनं पुसू नकोस.

डीएलएल नाही असा संदेश आला तर कुठल्याही वेबसाइटवरून ती एकटी डीएलएल उतरवू नकोस. ‘डी३डीएक्स९’ने सुरू होणारं नाव असेल तर मायक्रोसॉफ्टचं जून २०१० चं डायरेक्टएक्स पॅकेज बसव, विंडोज १० आणि ११ मध्येही ते लागतं. ‘एमएसव्हीसी’ने सुरू होत असेल तर व्हिज्युअल सी++ चं पॅकेज, आणि तुझं विंडोज ६४ बिटचं असलं तरी ३२ बिटचं घे, कारण गेम ३२ बिटचा आहे. बॉटच्या डीएलएलवर अँटिव्हायरस कधीकधी उगाच ओरडतो. फाइल मूळ कर्त्याच्या पानावरून घेतली असेल तर फक्त तेवढ्या फोल्डरला सूट दे. अख्खा अँटिव्हायरस बंद करायला सांगणाऱ्या मॉडच्या वाटेला जाऊ नकोस.

स्टीमवरून घेतलेल्या गेमची एक खोड सांगतो. त्यात फाइलींची पडताळणी केलीस किंवा अपडेट आलं की तुझी बदललेली ‘लिबलिस्ट’ पुन्हा मूळ होते आणि मॉड गायब. घाबरू नको, ती एक ओळ परत लिही. नोव्हेंबर २०२३ मध्ये हाफ-लाइफला पंचवीस वर्षं झाली म्हणून मोठं अपडेट आलं, त्यानंतर काही जुने मॉड अडले. तसं झालं तर गेमच्या बीटा पर्यायांत ‘स्टीम लेगसी’ निवड, अपडेटच्या आधीची आवृत्ती मिळते. नेट नसताना खेळायचं असेल तर स्टीम आधी एकदा नेटवर चालू करून मगच ऑफलाइन कर. जीओजीवरून घेतलास तर इन्स्टॉलरची फाइलच हातात येते, तिला पुढे कोणाची परवानगी लागत नाही. मी म्हणेन, दोन्हीकडे मिळत असेल तर तीच घे.

वीज जाते तुमच्याकडेही. हाफ-लाइफ आपली ‘कॉन्फिग’ फाइल गेम बंद होताना लिहितो. नेमकी तेव्हा वीज गेली की ती रिकामी होऊ शकते. तुझी बटणं, माऊसचा वेग, हे सगळं ‘युजरकॉन्फिग’ फाइलमध्ये वेगळं लिहून ठेव, गेम तीही वाचतो. आणि बोईसरची हवा तुला माहीत आहे, खाडीचा दमटपणा आणि कारखान्यांचा वास. पावसाळ्यानंतर गेम मधूनच बंद पडायला लागला तर मॉडला दोष देण्याआधी पीसी बंद करून, वायर काढून, रॅम काढ, तिच्या सोनेरी पट्ट्या खोडरबराने हलक्या हाताने पूस आणि परत बसव.

हे सगळं मी एवढं जिव्हाळ्याने का सांगतो? ३१ मे २०१४ ला गेमस्पाय ही ऑनलाइन खेळण्याची सेवा बंद पडली आणि कितीतरी गेमांचं ऑनलाइन खेळणं एका रात्रीत अडचणीत आलं. जानेवारी २०२३ मध्ये एपिक कंपनीने अनरिअल टूर्नामेंटचे आपले सर्व्हर बंद केले. पण १९९९ च्या त्या अनरिअल टूर्नामेंटमध्ये स्टीव्ह पोल्जने रचलेले बॉट होते, म्हणून तो गेम आजही एकट्याला तितकाच खेळता येतो. सर्व्हर दुसऱ्याचा असतो, तो कधी बंद होईल ते आपल्या हातात नाही. आपल्या डिस्कवर इन्स्टॉलर, पॅच, मॉडची न उघडलेली झिप, वाटेच्या फाइली आणि रीडमी असं सगळं एका फोल्डरमध्ये असेल तर गेम आपला. आम्ही विरारला गाडी बदलून ग्रँट रोडला उतरायचो, लॅमिंग्टन रोडवरून एखादा पार्ट आणायचो, ‘डिजिट’ मासिकाबरोबरच्या सीडीवरचे पॅच साठवायचो. त्यातल्या बऱ्याच सीडींना बुरशी लागली. म्हणून आता सीडी नको, आणि एकट्या पेन ड्राइव्हवरही विसंबू नको. दोन वेगळ्या हार्डडिस्क.

तुझ्या आईबरोबर रविवारी एक डिस्क पाठवतो. त्यात अनरिअल टूर्नामेंट आहे, ओल्डअनरिअलवाल्यांचा ४६९ पॅच टाकलेला. त्याशिवाय जुनी आवृत्ती नव्या प्रोसेसरवर भलत्याच वेगाने पळू शकते. मॅप ‘मॅप्स’मध्ये, टेक्स्चर ‘टेक्स्चर्स’मध्ये, ‘यू’ एक्स्टेन्शनच्या फाइली ‘सिस्टिम’मध्ये, चुकलं की ‘सिस्टिम’मधल्या लॉग फाइलच्या शेवटच्या ओळी वाच. बॉटची पातळी सुरुवातीला ‘अ‍ॅव्हरेज’ ठेव. त्यांना सलग हरवायला लागलीस की एक पायरी वर ने.