फ्यूज बांधायचा नसतो

आमच्याकडे फ्यूज गेला की तो 'बांधतात'. चिनीमातीचं पांढरं किटकॅट ओढून काढायचं, काळी पडलेली तार खरवडायची, वायरीच्या तुकड्यातून तांब्याचा एक पदर सोडवायचा आणि दोन स्क्रूंना पिळून टाकायचा. दहा-अकरा वर्षांचा होतो तेव्हापासून हे काम माझ्याकडे. विहिरीवरच्या मोटारीचा फ्यूज सारखा जायला लागला की वडील म्हणायचे, "दोन पदर घाल." प्रसंगी तीनही घातलेत. मोटार चालू झाली, दारं धरून झालं, विषय संपला.

हीच सवय मी गाडीत नेली आणि त्यापायी माझ्या आईचं पाऊल भाजलं. आमच्या भागातल्या जवळजवळ प्रत्येक हाताला ही सवय आहे, म्हणून जे घडलं ते जसंच्या तसं सांगतो.

मी केमचा. करमाळा तालुक्यातलं हे गाव कुंकवासाठी ओळखलं जातं आणि माझं पोटही कुंकवावरच आहे. पंढरपूर, तुळजापूरच्या दुकानदारांना मी माल पोचवतो. मोठा माल टेम्पोनं जातो. पण नमुने, सुट्या पिशव्या, घाईची पोती मागच्या सीटवर टाकून माझ्या जुन्या छोट्या गाडीतून जातात. कुंकवाची पूड किती बारीक असते ते ज्यानं हाताळलंय त्यालाच कळेल. तोंड बांधलेल्या पिशवीतूनही ती येते. कारखान्याच्या गल्लीतून एक चक्कर मारली तरी कॉलरच्या घडीत लाल रेघ उमटते.

तीन वर्षांपूर्वीचा मे महिना. आईला डोळ्यांच्या तपासणीसाठी सोलापूरला न्यायचं होतं. सकाळी लवकर निघायचं ठरवलं होतं, पण निघता निघता अकरा वाजले. मेमध्ये आमच्या जिल्ह्यात पारा 42-43 च्या घरात असतो. एसी सुरू होता, आतलीच हवा फिरवण्याचं बटण दाबलेलं होतं. आई पुढे डाव्या सीटवर, बायको मागे. डॅशबोर्डच्या आतून किरकिर ऐकू येत होती. खरं तर ती पंधरा दिवसांपासून येत होती. पंखा पहिल्या नंबरवर टाकला की चिमणीसारखी किरकिर, खड्ड्यातून गाडी गेली की क्षणभर बंद. मी तिकडे लक्ष दिलं नाही.

टेंभुर्णीच्या अलीकडे पंखा बंद पडला. हवाच येईना. रस्त्याकडेच्या एका गॅरेजवर गाडी लावली. तिथल्या तरुण पोरानं स्टिअरिंगखालचं झाकण काढलं, फ्यूज ओढला, उन्हाकडे धरला. मधली पट्टी तुटलेली, आतून काळसर धूर लागलेला. तसा फ्यूज त्याच्याकडे नव्हता. त्यानं मोटार रिवायंडिंगच्या तारेचा तुकडा घेतला, ब्लेडनं वरचं वॉर्निश खरवडलं, फ्यूजच्या दोन पायांना गुंडाळलं आणि परत बसवलं. मी विचारलं, "काही होणार नाही ना?"

"काय न्हाय हुत काका. बारा व्होल्टाला काय हुतंय?"

त्या पोराला मी दोष देत नाही. माझ्या वडिलांनी, मी आणि गावातल्या प्रत्येकानं जे केलं तेच त्यानं केलं. हो म्हणणारा मी होतो. पंखा सुरू झाला, गार वारा आला, आई म्हणाली, "बरं वाटलं बाबा." आम्ही निघालो.

मोडनिंबच्या अलीकडे आईच म्हणाली, "कसला रे वास? चप्पल जळल्यासारखा." पंखा तोवर पुन्हा थांबला होता, पण मी बटण चालूच ठेवलं होतं. खाली पाहतो तर आईच्या पायांवरच्या बाजूनं, डॅशबोर्डच्या पोटातून, निळसर धूर. गाडी कडेला घेईपर्यंत वितळलेल्या प्लॅस्टिकचा एक थेंब तिच्या उजव्या पावलावर पडला. मी किल्ली फिरवून गाडी बंद केली आणि आईला अक्षरशः ओढून बाहेर काढलं. किल्ली बंद होताच धूर कमी झाला, म्हणून गाडी वाचली. आईच्या पावलावर चिंचोक्याएवढा फोड आला. त्याचा डाग अजून आहे.

बारा व्होल्टाला काय होतं, हे मला नंतर कळलं. हात लावला तर शॉक बसत नाही, एवढंच खरं. पण गाडीच्या बॅटरीत शेकडो अँपिअर एका दमात देण्याची ताकद असते, कारण स्टार्टर फिरवायला तेवढे लागतातच. वायर व्होल्टनं तापत नाही, तिच्यातून वाहणाऱ्या अँपिअरनं तापते. माझ्या गाडीत ब्लोअरसाठी, म्हणजे एसीच्या पंख्यासाठी, 30 अँपिअरचा हिरवा फ्यूज होता. त्या जागी बसवलेली तार साधारण 1 मिलिमीटर जाडीची होती, आणि एवढी तांब्याची तार वितळायला जवळजवळ 80 अँपिअर लागतात. म्हणजे पंखा अडकून मोटारीनं दुप्पट करंट ओढला तरी तार शाबूत राहणार. तो करंट मग कुठे उष्णता काढणार? तारेच्या मागेपुढे असलेल्या गाडीच्या वायरीत आणि प्लॅस्टिकच्या जोडात. या वायरी आणि जोड 30 अँपिअरच्या हिशेबानं बनवलेले असतात. सर्वांत आधी जळावी म्हणून जी वस्तू मुद्दाम कमजोर ठेवलेली असते, तीच आम्ही सर्वांत मजबूत करून ठेवली होती.

पुढच्या आठवड्यात करमाळ्याच्या एका जुन्या ऑटो इलेक्ट्रिशियनकडे गेलो. सगळे त्यांना अण्णा म्हणतात. त्यांनी फ्यूज बॉक्सकडे पाहिलंही नाही. डावीकडचा कप्पा उतरवला, त्यामागची ब्लोअरची मोटार तीन स्क्रू काढून खाली घेतली आणि वर्तमानपत्रावर ठेवून हळूच आपटली. कागदावर कुंकू पडलं. चिमूट-दोन चिमूट म्हणता येणार नाही, चांगलं मूठभर. पंख्याच्या प्रत्येक पात्यावर लाल लेप बसलेला, आणि मोटारीच्या बुशमध्ये शिरलेली पूड जुन्या तेलात कालवून घट्ट झालेली. दांडा बोटांनी फिरवला तर अर्धा वेढाही सहज फिरेना. आतली हवा फिरवायचं बटण दाबलं की ब्लोअर गाडीतलीच हवा ओढतो, आणि मागच्या सीटवर माझा माल. माझ्या गाडीच्या त्या मॉडेलला केबिन फिल्टर बसवलेलाच नव्हता. नुसती जागा होती. पंधरा दिवसांची किरकिर म्हणजे तो बुश होता.

नवी मोटार, जळालेला जोड, वायरीचा तुकडा, मजुरी सगळं मिळून साडेनऊ हजार गेले. फ्यूज वीस रुपयांचा.

अण्णांकडे त्या दिवशी दोन तास बसलो आणि त्यानंतरही जात राहिलो. त्यांनी शिकवलेलं, मी स्वतःच्या आणि शेजाऱ्यांच्या गाड्यांवर करून पाहिलेलं आता सांगतो.

एसी बंद पडला म्हणजे नेमकं काय बंद पडलं ते आधी ओळखा. हवाच येत नसेल तर दोष ब्लोअरच्या बाजूला: फ्यूज, रिले किंवा मोटार. फक्त शेवटच्या नंबरवर हवा येते, बाकी नंबर मुके, असं असेल तर फ्यूज ठीक आहे, रेझिस्टर गेलाय. हवा येते पण गरम येते, तर इंजिन चालू ठेवून बॉनेटजवळ कान द्या आणि कुणाला तरी आतून एसीचं बटण दाबायला सांगा. बऱ्याच गाड्यांत कॉम्प्रेसरचा क्लच 'टक्' करून लागतो. तो आवाजच नसेल तर क्लचचा फ्यूज, रिले पाहायचा. पण गॅस कमी झाला तरीही प्रेशर स्विच कॉम्प्रेसरला लागू देत नाही, हे विसरू नका. चालत्या गाडीत गार आणि सिग्नलला उभं राहिलं की गरम, अशी तक्रार असेल तर पुढच्या जाळीमागचा कंडेन्सरचा पंखा पाहा. या तिघांचे फ्यूज बहुधा वेगवेगळे असतात, एखादा स्टिअरिंगखाली, एखादा बॉनेटमध्ये बॅटरीशेजारी. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा छापलेला असतो. नसेल तर गाडीच्या पुस्तकात पाहा. अंदाजानं फ्यूज उपटत बसू नका.

किल्ली बंद करून, बॉक्समध्येच ठेवलेल्या प्लॅस्टिकच्या चिमट्यानं फ्यूज सरळ वर ओढायचा. पट्टी तुटलेली दिसली की प्रश्न मिटला. कधी तडा केसाएवढा असतो आणि डोळ्याला दिसत नाही. तेव्हा मल्टिमीटरच्या बीपवर तपासा. मीटर नसेल तर टेस्ट लॅम्प पुरतो. किल्ली चालू करून, ब्लोअर चालू ठेवून, दिव्याचा चिमटा बॉडीला लावायचा आणि टोक फ्यूजच्या डोक्यावरच्या दोन उघड्या ठिपक्यांना टेकवायचं. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज चांगला. एकीकडेच लागला तर उडालेला. कुठेच लागला नाही तर फ्यूजपर्यंत वीजच येत नाही, मग रिलेकडे जा. बॉक्समध्ये तशाच नंबरचा दुसरा रिले असतो, बऱ्याचदा हॉर्नचा. तो क्षणभर अदलाबदल करून पाहणं हा सर्वांत स्वस्त तपास.

फ्यूज काढल्यावर त्याचं शरीरही बघा, हे मला फार मोलाचं वाटतं. पट्टी तुटलेली आणि प्लॅस्टिक ठणठणीत असेल तर करंट जास्त झाला होता. उलट पट्टी शाबूत आहे पण रंगीत प्लॅस्टिक फुगलंय, पाय निळे-काळे पडलेत, तर खालच्या खोबणीची पकड सैल आहे आणि तिथंच गरम होतंय. अशा खोबणीत दहा नवे फ्यूज घातले तरी दहाही भाजतील. खोबणी बदलावी लागते.

नवा फ्यूज झाकणावर लिहिलेल्या आकड्याचाच. रंग लक्षात ठेवायला सोपे आहेत: 10 लाल, 15 निळा, 20 पिवळा, 25 पारदर्शक, 30 हिरवा. 10 चा मिळाला नाही म्हणून 15 चा घातला, असं करू नका. अडचणीत 10 च्या जागी साडेसातचा घालून पाहिला तर फार तर तो उडेल. रस्त्यात काहीच मिळालं नाही तर मागच्या वायपरसारख्या बिनगरजेच्या गोष्टीचा त्याच आकड्याचा आणि त्याच मापाचा फ्यूज काढून घ्या. हेडलाइट, ब्रेकलाइट आणि पेट्रोल पंपाच्या फ्यूजला मात्र हात लावू नका. फ्यूज चांगल्या दुकानातून घ्या, कारण हलक्या मालावर आकडा एक आणि उडण्याची वेळ भलतीच.

त्याच आकड्याचा एकच नवा फ्यूज घालायचा आणि तो कधी उडतो ते पाहायचं. किल्ली फिरवताच उडाला तर वायर कुठेतरी बॉडीला टेकलीय. आमच्याकडे याचं मोठं कारण उंदीर. कडब्याच्या गंजीशेजारी किंवा उसाच्या कडेला रात्रभर उभी राहिलेली गाडी त्यांना ऊबदार घर वाटते आणि वायरीचं आवरण ते सोलून ठेवतात. एसीचं बटण दाबताच उडाला तर क्लचची कॉइल संशयित. तिचा जोड सोडवून मीटरनं मोजा. साधारण 3-4 ओहम हवेत. जवळजवळ शून्य आले तर कॉइल आतून शॉर्ट आहे. पंखा वाढवताना किंवा दहा-पंधरा मिनिटांनी उडाला तर मोटार जड फिरतेय, माझ्यासारखी. फक्त खड्ड्यात उडतो, तर वायर कुठेतरी घासतेय. दुसरा फ्यूजही उडाला की तिसरा घालायचा नाही. खिडक्या उघडायच्या, पाणी प्यायचं, मुलं-म्हातारी माणसं असतील तर सावलीत थांबत जायचं, ऊन उतरल्यावर निघायचं. आईची तपासणी एक दिवस पुढे गेली असती तर काही बिघडलं नसतं. त्या उन्हात तिला काही व्हायला नको, या काळजीपोटीच मी त्या तारेला हो म्हणालो होतो.

इलेक्ट्रिक आणि हायब्रिड गाडीत मात्र यातलं काही करू नका. तिथला कॉम्प्रेसर शेकडो व्होल्टवर चालतो. नारिंगी आवरणाची केबल दिसली की हात मागे घ्यायचा आणि कंपनीच्या प्रशिक्षित माणसाकडेच गाडी द्यायची.

आणि धूर दिसलाच तर क्रम पाठ असू द्या. किल्ली बंद, माणसं बाहेर, मग गाडीचा विचार. बॉनेटमधून धूर येत असेल तर ते एकदम सताड उघडू नका, हवा मिळून आग भडकते. धूर पूर्ण थांबल्यावर दहाच्या पान्यानं बॅटरीचं निगेटिव्ह टोक सोडवायचं. एक किलोचं अग्निशामक मी आता ड्रायव्हरच्या सीटखाली पट्ट्यानं बांधून ठेवतो.

कुंकू आता झाकणाच्या डब्यात जातं, तेही डिकीत. फिल्टर बसवून घेतलाय. दर दोन महिन्यांनी बाहेर काढतो तेव्हा लालच निघतो.

जळालेला जोड अण्णांनी मला दिला होता. तो घेऊन मी टेंभुर्णीच्या त्या गॅरेजवर गेलो, सोबत सगळ्या आकड्यांच्या फ्यूजची एक पेटी. पोरानं जोड हातात घेतला, वितळून एकजीव झालेल्या पिना नखानं वेगळ्या होतात का ते पाहिलं. मग आईचं पाऊल कसं आहे ते विचारलं. रिवायंडिंगच्या तारेचं भेंडोळं फ्यूजच्या फळीशेजारी टांगलेलं होतं. ते त्यानं काढून मागे मोटारींच्या कामाकडे नेऊन ठेवलं आणि त्या खिळ्याला तो जोड अडकवला.