यात्रेच्या आठवड्यात फोर्कलिफ्टची किल्ली कुणाकडे?

चैत्र पौर्णिमा जवळ आली की शिरोली एमआयडीसीतल्या फाउंड्र्यांमध्ये रजेचे अर्ज वाढतात. जोतिबाचा डोंगर इथून लांब नाही. पायथ्याच्या गावांतली आणि पंचक्रोशीतली माणसं इथल्या कारखान्यांत राबतात. चैत्रात जोतिबाच्या यात्रेसाठी उंच सासनकाठ्या डोंगरावर, वाडी रत्नागिरीला, निघाल्या असताना त्यांनी पाळीवर थांबावं, अशी अपेक्षा कुणी करू नये. पण कास्टिंगच्या ऑर्डरी यात्रेसाठी थांबत नाहीत. नेहमीचा ऑपरेटर रजेवर असतो, गेटवर ट्रक उभा असतो आणि मग कुणीतरी एखाद्या हेल्परला म्हणतं, "तुला येते ना चालवायला? घे जरा एवढं." फोर्कलिफ्टचे कितीतरी अपघात या एका वाक्यापासून सुरू होतात. हे मार्गदर्शन ते वाक्य बोलणाऱ्यासाठी आहे आणि ज्याच्या हातात किल्ली दिली जाते त्याच्यासाठीही.

गोकुळ शिरगाव असो, शिरोली असो की कागल-हातकणंगले, ओतकामाच्या धंद्यात फोर्कलिफ्टशिवाय पान हलत नाही. रोज डोळ्यांसमोर असल्यामुळे ती निरुपद्रवी वाटते. तीन टन उचलणाऱ्या रिकाम्या फोर्कलिफ्टचं स्वतःचं वजन चार टनांच्या वर असतं. भार घेतला की सात टनांहून जास्त लोखंड माणसांच्या गर्दीतून फिरत असतं. ताशी १० किलोमीटर हा वेग कुणाला वेग वाटत नाही, पण त्या वेगानं ती एका सेकंदात पावणेतीन मीटर पुढे जाते. ऑपरेटरला माणूस दिसून पाय ब्रेकवर पडेपर्यंतच तो सेकंद संपलेला असतो.

पहिलं काम: किल्लीला मालक हवा

चारचाकीचा परवाना आहे म्हणून फोर्कलिफ्ट येते, ही समजूत आधी काढून टाका. मोटार पुढच्या चाकांनी वळते, फोर्कलिफ्ट मागच्या. त्यामुळे वळताना तिचं मागचं जड अंग उलट्या बाजूला फेकल्यासारखं बाहेर येतं आणि शेजारी उभ्या असलेल्या माणसाला भिंतीशी चेपतं. मोटारीची सवय असलेल्या माणसाचं लक्ष पुढेच असतं. त्याला मागचं हे झुकांडं कळायला सराव लागतो.

म्हणून कोण चालवणार याची लेखी यादी करा. फोटोसह ती यंत्राजवळच्या फळ्यावर लावा. वय अठराच्या वर, डोळे आणि कान तपासलेले, आणि प्रशिक्षण त्याच जातीच्या यंत्रावर झालेलं. डिझेलवर शिकलेला माणूस उभं राहून चालवायच्या बॅटरीच्या यंत्रावर थेट बसवू नये. कंत्राटदाराचा माणूसही याच यादीतून जाईल, त्याच्यासाठी वेगळी वाट नाही. यंत्रातून उतरताना किल्ली खिशात आणि पाळी संपली की सुपरवायझरच्या कुलपात. किल्ली यंत्रालाच लटकत ठेवायची पद्धत असेल, तर यादीचा काही उपयोग नाही.

यात्रेची तारीख पंचांगात वर्षभर आधी छापलेली असते. तेव्हा बदली ऑपरेटर आदल्या दिवशी शोधायचं काही कारण नाही. एक-दीड महिना आधी किमान दोघांना तयार करा. वर्गातलं व्याख्यान पुरत नाही. रिकाम्या आवारात पिंपं मांडून वळणं, रिव्हर्स, उतार, पॅलेट उचलणं आणि रचणं हे सगळं करून घ्या. अमेरिकेत ऑपरेटरचं मूल्यमापन दर तीन वर्षांनी पुन्हा करावं लागतं आणि अपघात झाला, थोडक्यात टळला किंवा कुणी धोकादायक चालवताना दिसला, तर उजळणी लगेच. ही पद्धत आपल्याकडच्या पन्नास माणसांच्या फाउंड्रीलाही सहज जमण्यासारखी आहे.

आणि बदली माणूस तयार नसेल तर? त्या दिवशी फोर्कलिफ्ट बंद. हॅन्ड पॅलेट ट्रकनं, क्रेननं जेवढं होईल तेवढं करा, किंवा प्रशिक्षित ऑपरेटरसह यंत्र भाड्यानं आणा. माल एक दिवस उशिरा जाईल. ते ग्राहकाला सांगण्याची जबाबदारी मालकाची आहे, ती हेल्परच्या अंगावर ढकलू नये. रात्रभर डोंगर चालून आलेल्या ऑपरेटरलाही पहिल्या पाळीला यंत्रावर बसवू नका. त्याला झोप घेऊ द्या.

दुसरं काम: माणसाची वाट आणि यंत्राची वाट

माझ्या मते सगळ्यात जास्त जीव इथे वाचतात, आणि सगळ्यात कमी लक्षही इथेच दिलं जातं. ऑपरेटर कितीही चांगला असला तरी माणसं आणि यंत्र एकाच वाटेनं जात असतील, तर कधीतरी गाठ पडणारच.

पाळी बदलताना, जेवणाच्या सुट्टीत आणि संध्याकाळी डिस्पॅचच्या वेळी अशा तीन वेळांना सगळ्या शेडमधून स्वतः चाला. हातात खडू ठेवा. माणसं खरोखर कुठून जातात ते आखा. त्यांनी कुठून जायला हवं ते आखू नका. लोक पाण्याच्या टाकीकडे, शौचालयाकडे, हजेरीच्या यंत्राकडे जवळच्याच रस्त्यानं जाणार. मग यंत्राची वाट दुसऱ्या रंगानं आखा. दोन्ही रेषा जिथे एकमेकींना छेदतात, तिथे तुमचा पुढचा अपघात आहे. टाकी किंवा हजेरीचं यंत्र हलवून यातली निम्मी ठिकाणं नाहीशी करता येतात आणि त्याला फारसा खर्चही येत नाही.

उरलेल्या ठिकाणी पिवळ्या पट्ट्यांवर विसंबू नका. फाउंड्रीत मोल्डिंगची वाळू त्या पट्ट्या चार दिवसांत पुसून टाकते. लोखंडी पाइपाचं रेलिंग जमिनीत पक्कं करा. शेडच्या दाराशी माणसांसाठी वेगळं, अरुंद दार ठेवा. आंधळ्या वळणावर गोल आरसा लावा. पाळी बदलायची दहा मिनिटं यंत्र काटे जमिनीला टेकवून उभं ठेवा, ट्रक भरायचा राहिला असला तरी.

हॉर्नचं तर विशेष सांगायला हवं. फेटलिंगचे ग्राइंडर चालू असताना, नॉकआउटच्या खडखडाटात, कानात प्लग घातलेल्या माणसाला हॉर्न ऐकू येईल असं गृहीत धरणं धोक्याचं आहे. यंत्राच्या पुढे-मागे जमिनीवर निळा ठिपका पाडणारा दिवा मिळतो, तो लावून घ्या. आणि एक नियम सगळ्यांना पाठ करवा. ऑपरेटरशी नजरानजर झाल्याशिवाय आणि त्यानं हातानं खूण केल्याशिवाय यंत्राच्या तीन मीटर आत जायचं नाही. वर उचललेल्या काट्यांखालून कुणीही, कधीही जायचं नाही, भार असो वा नसो.

बाहेरून आलेला ट्रकचालक या सगळ्यात विसरला जातो. त्याला तुमची शेड माहीत नसते आणि माल मोजायला तो नेमका यंत्राच्या मागे येऊन उभा राहतो. त्याच्यासाठी उभं राहायची जागा आखून द्या, ट्रकची किल्ली भरणं संपेपर्यंत आपल्याकडे ठेवा आणि ट्रकच्या चाकांखाली ठोकळे लावा.

यंत्राकडे पाच मिनिटं

पाळी सुरू होताना टायर, ब्रेक, हॅन्डब्रेक, हॉर्न, दिवे, सीटबेल्ट आणि तेलगळती बघा. काट्यांच्या कोपऱ्यात, जिथे ते वाकून उभे होतात तिथे, चीर आहे का पाहा. जाडी मोजा. मुळात ४० मिलिमीटरचा काटा झिजून ३६ वर आला, म्हणजे दहा टक्के गेला, की तो बाद. एवढ्या झिजेनं त्याची ताकद जवळजवळ पाचव्या हिश्शानं कमी झालेली असते. उचलायची साखळी तीन टक्के लांबली की बदला. तेल कुठून गळतंय हे बोटानं चाचपू नका. दाबाखालचं तेल कातडीतून आत घुसतं, पुठ्ठा धरून बघा. १९४८ च्या कारखाने अधिनियमानं उचलयंत्रं, साखळ्या आणि दोर यांची वर्षातून किमान एकदा सक्षम व्यक्तीकडून कसून तपासणी सांगितली होती. फोर्कलिफ्टसाठीही ती कधी चुकवू नका. दोष सापडला की किल्ली काढा आणि यंत्रावर पाटी लावा. "आजच्या दिवस चालवू" हे चालणार नाही.

भार: किती, आणि किती वर

यंत्रावर क्षमतेची पट्टी असते. ती रंगाखाली गेली असेल तर खरवडून काढा. त्यावर तीन टन लिहिलं असलं, तरी ते भाराचा मध्य काट्याच्या उभ्या अंगापासून साधारण ५०० मिलिमीटरवर असताना. भार लांब असला, मध्य ८०० वर गेला, तर तेच यंत्र सव्वादोन टनांच्या आसपासच सुरक्षित उचलेल. नेमका आकडा बनवणाऱ्या कंपनीच्या तक्त्यातून घ्या.

फाउंड्रीत भाराचा अंदाज हमखास चुकतो, कारण बीड दिसतं त्याहून जड असतं. एका घनमीटर बिडाचं वजन सुमारे ७.२ टन. अर्ध्या घनमीटरच्या बिनमध्ये कास्टिंगांच्या फटी धरल्या, तरी दीड-दोन टन सहज बसतात. प्रत्येक प्रकारचं बिन एकदा भरून वजनकाट्यावर तोला, भरायची रेघ आणि वजन त्याच्यावर मोठ्या अक्षरात रंगवा. रेघेवर एकही नग जायला नको. वर रचलेला सुटा नग ब्रेक लागताच खाली येतो आणि शेजारून चालणाऱ्याच्या पायावर पडतो.

उंचीचं म्हणाल तर जोतिबाला सासनकाठी नाचवणाऱ्याला ते वेगळं समजावून द्यायला नको. काठी जेवढी उंच, तेवढा तिचा तोल सांभाळणं अवघड, म्हणून तर चारी बाजूंनी दोर ताणून माणसं उभी असतात. फोर्कलिफ्टच्या मास्टला असे दोर नसतात. तिचा तोल पुढची दोन चाकं आणि मागच्या आसाचा मध्य या तीन बिंदूंच्या त्रिकोणावर असतो. भार वर असताना वळलात, चाक खड्ड्यात गेलं, की तोल त्या त्रिकोणाबाहेर जातो आणि यंत्र कलंडतं. चालताना काटे जमिनीपासून १५ ते २० सेंटिमीटर, मास्ट मागे झुकलेला, एवढंच. भार वर न्यायचा तो रॅकसमोर यंत्र सरळ उभं करूनच. भारामुळे पुढचं दिसत नसेल तर मागे बघत रिव्हर्स चाला.

उतारावर भार नेहमी चढाच्या बाजूला ठेवा. म्हणजे भरलेलं यंत्र चढताना पुढे तोंड करून आणि उतरताना रिव्हर्समध्ये. रिकाम्या यंत्राचं याच्या उलट, काटे उताराकडे. उतारावर वळायचं नाही.

तरीही यंत्र कलंडायला लागलं, तर बसून चालवणाऱ्याच्या मनात पहिली इच्छा उडी मारायची येते. त्या उडीनं माणूस नेमका छताच्या चौकटीखाली येतो. उडी मारू नका. स्टीअरिंग घट्ट धरा, पाय रोवा आणि यंत्र ज्या बाजूला पडतंय तिच्या उलट बाजूला झुका. सीटबेल्ट याचसाठी आहे. हे ऑपरेटरला उभ्या यंत्रावर बसवून, हाता-पायांनी करायला लावा. नुसतं सांगितलेलं त्या क्षणी आठवत नाही.

वितळलेलं लोखंड नेताना

काही फाउंड्र्यांत भट्टीपासून साच्यांपर्यंत लॅडल फोर्कलिफ्टवरून जाते. तिथे वरचं सगळं तर हवंच, शिवाय वाट पूर्ण कोरडी हवी. पाण्याची वाफ झाली की ती दीड हजारपटीहून जास्त फुगते. वितळलेल्या धातूखाली थोडं पाणी सापडलं, तरी स्फोट होऊन धातू चौफेर उडतो. म्हणून पावसाळ्यापूर्वी पत्रे आणि पन्हळी तपासा, वाटेवर पाणी मारू नका, खड्डे बुजवा. लॅडल काठोकाठ भरू नका, ती काट्यांना यांत्रिक कुलपानं बांधा आणि ऑपरेटरसमोर उष्णतारोधक पडदा ठेवा. लॅडल निघाली की पुढे एक माणूस वाट मोकळी करत चालेल आणि बाकी सगळे रेलिंगच्या आत थांबतील. वाटेवर कोरड्या वाळूचे ढीग हाताशी असू द्या.

माणूस उचलायचा नाही

ट्यूब बदलायची आहे, पत्र्याचा बोल्ट आवळायचा आहे, म्हणून काट्यांवर पॅलेट ठेवून माणसाला वर चढवलं जातं. पॅलेट सरकतं, माणूस तोल जाऊन पडतो, किंवा मास्टच्या साखळीत हात अडकतो. शिडी लावा, परांची बांधा. फोर्कलिफ्टनंच करायचं असेल, तर कंपनीनं मान्य केलेला कठडेबंद पिंजरा काट्यांना पक्का बांधून आणि ऑपरेटर जागेवरून न हलता. काट्यांवर उभं राहून दोन पावलंही कुणी जायचं नाही.

अपघात झालाच, तर आधी यंत्र बंद करून किल्ली काढा आणि १०८ ला फोन करा. ज्या दिवशी काही झालं नाही पण थोडक्यात वाचलं, त्या दिवशीही लिहून ठेवा: कुठला कोपरा, किती वाजता, कुणाच्या लक्षात आलं. लिहिणाऱ्याला दंड किंवा बोलणी बसणार नाहीत हे मालकानं स्वतः सगळ्यांसमोर सांगावं, नाहीतर वही कोरी राहील. ती वही ४ मार्चच्या राष्ट्रीय सुरक्षा दिनापुरती बाहेर काढू नका. दर आठवड्याला पाळीप्रमुखानं वाचावी, आणि एकच कोपरा दोनदा आला, तर त्याच आठवड्यात वेल्डरला तिथे पाठवून रेलिंग उभं करावं.